भाकरीवरचा आळ

(सोलापूर, १९७८. बाळीवेशीमागच्या बोळातलं नागव्वाचं घर. खानावळीला भाकरी पुरवायचं तिचं काम चालू आहे. तिची मुलगी महानंदा, शिवशरणची बायको, संक्रांतीच्या गड्ड्याच्या जत्रेआधीपासून माहेरीच आहे. महानंदाचे सासरे शिवलिंगप्पा टांग्यातून उतरून नुकतेच आत येऊन टेकलेत.)

नागव्वा : पानी दिलं, गूळ दिला. जेवा म्हननार न्हाय मी. ज्या घरानं आमच्या भाकरीची इज्जत काढली, त्या घरच्या मानसाला ताट वाढायला माजा हात उचलत न्हाय.

शिवलिंगप्पा : नका वाढू, ईनबाई. वाढलं तरी जेवणार न्हाय मी.

नागव्वा : ऐकलं का गं महानंदे? वाढलं तरी जेवनार न्हाईत! म्हंजे अजून ताठा हायच. गुळाचा खडा बग, तसाच वाटीत. आमचा गूळपन कडक लागतो व्हय इवाई?

शिवलिंगप्पा : ताठा कुठला आता. ताठ बसायलाच येत न्हाय.

महानंदा : अव्वा, जरा गप. मामा, तुम्ही एवढे कधी वाळलात?

शिवलिंगप्पा : शिवशरणचा सदरा घातलाय. म्हणून तसं दिसतंय.

महानंदा : सदरा तुमचाच आहे. दसऱ्याला मीच त्याला बटण लावलं होतं. पांढरा दोरा संपला म्हणून काळ्या दोऱ्यानं. हे बघा, तेच बटण. माणूसच निम्मं झालंय आत.

शिवलिंगप्पा : तुझी नजर काय की बाई. पहिल्यापासून तसलीच.

नागव्वा : नजरेचं कौतुक नंतर करा. कशाला आलाय ते सांगा. तवा तापलाय माजा, खानावळीचं पोरगं येईल आता भाकरी न्यायला.

शिवलिंगप्पा : पोरीला न्यायला आलोय.

नागव्वा : न्यायला! अय्यय्यो, काय सांगता! घालवताना बैठक बसवली हुती, न्यायला एकलेच आला व्हय? कुटं गेला तुमचा तिप्पण्णा? लई मोठा पंच लागून गेला हुता. आमाला बोलावून घेतलं, सतरंजी घातली, च्या पाजला. मला वाटलं पोरीला दिवस गेलं असतील, गोड बातमी असंल. आन तुमची बायकू फडक्यात बांधून काय आनती तर भाकरी! चोराकडचा माल धरून आनावा तशी समद्यांच्या म्होरं ठिवली.

शिवलिंगप्पा : हाय ध्यानात.

नागव्वा : तुमच्या असंल. माज्या तर काळजात हाय. तिप्पण्णानं ती भाकरी कटाकटा मोडली. तुकडा तुमच्या हातात दिला. म्हनला, शिवलिंगप्पा, खावा आन देवाला भिऊन सांगा, ही भाकरी उतरती का. तुमी चावला, चावला, डोळ्यात पानी आनलं, आन लोकांच्या म्होरं थुकला! आन म्हनला, न्हाय उतरत. झालं. तुमची चंद्रव्वा उटली की, ही सासऱ्याला उपाशी मारती, मुद्दाम दगड भाजती. एकानं तरी इचारलं का माज्या पोरीला, बाई गं तुजं काय म्हननं हाय?

शिवलिंगप्पा : खरंच उतरत नव्हती, ईनबाई.

नागव्वा : परत तेच! अवो, ही समदी खानावळ माज्या घरची भाकरी खाती. तोंडात दात नसल्याली म्हातारी मानसं खात्यात. परकराच्या वयात पोरीला परातीला बसवली मी, हाताला फोड आलं तरी उटू दिली न्हाय. आन तुमाला उतरत न्हाय? त्या बैठकीपासनं लग्नाची एक पंगत आली न्हाय माज्याकडं. समोर कोन काय बोलत न्हाय, पर नव्या घरात इचारायला गेलं की म्हनत्यात, बगू, सांगू.

महानंदा : अव्वा, ते खरं बोलतायत. नव्हती उतरत.

नागव्वा : तू कुनाकडनं बोलतीस गं?

महानंदा : कोणाकडून नाही. वाढणारीला दिसतं. आधी त्यांनी कडक भाकरी सोडली. मग मऊ भाकरी, तीपण आमटीत बुडवून. मग दुधात कुस्करून. घासाघासाला पाणी. आणि जेवता जेवता मध्येच उठायचं, दारात जाऊन छाती चोळत उभं राहायचं, आणि आत येऊन म्हणायचं, कावळा हाकलत होतो.

शिवलिंगप्पा : कावळा असायचा कधी कधी.

महानंदा : रात्रीच्या जेवणाला? मी तुमच्या लेकाला सांगितलं, मामांना दवाखान्यात न्या, घास अडकतोय त्यांचा. मला म्हणाले, तू भाकरी नीट कर, घास आपोआप उतरेल. आत्याबाईंना सांगितलं, तर आपला दोष सासऱ्याच्या घशावर ढकलते म्हणाल्या. बैठकीत बोलायला तोंड उघडलं, तर तिप्पण्णाकाका म्हणाले सुनेनं बोलायचं नाही. दवाखान्यात काय निघालं, मामा?

शिवलिंगप्पा : तुला कुणी सांगितलं दवाखान्याचं?

महानंदा : तुमच्या कोपराच्या खळग्यात सुया टोचल्याच्या खुणा आहेत. काय निघालं?

शिवलिंगप्पा : गाठ हाय म्हणं. अन्ननळीत. खालच्या अंगाला, पोटाच्या तोंडाशी.

नागव्वा : कसली गाठ?

शिवलिंगप्पा : वाईट गाठ, ईनबाई. नाव घेत न्हाईत घरात. चंद्रव्वा म्हणते नाव घेतलं की वाढते.

नागव्वा : यव्वा गं... शिवा शिवा शिवा.

महानंदा : कधी कळलं?

शिवलिंगप्पा : आत्ता, उन्हाळा लागल्यावर. तू गेलीस, चंद्रव्वा भाकरी करायला बसली. तिची पण अडकली. मग म्हणाली ज्वारीच वाईट हाय. ज्वारी बदलली. मग गव्हाची पोळी केली. मग भात. भात पण अडकला तवा तिला कुणावर घालावं कळेना. एक दिवस उलटी झाली, कॉफीच्या गाळासारखी काळी. शिवशरण घाबरला आणि मला पुण्याला घेऊन गेला. तितं तोंडातनं दुर्बिणीची नळी घातली. नळी पुढं जाईचना. डॉक्टर नळी काढून लेकाकडं बघतोय, माझ्याकडं बघतच न्हाय. तवाच कळलं मला.

नागव्वा : म्हंजे आमच्या भाकरीचं काय बी न्हवतं. अगं बाई, काय बी न्हवतं!

शिवलिंगप्पा : न्हवतं.

नागव्वा : मग तवाच नळी का घातली न्हाय? जावयाला बरी घातली की. दिवाळीच्या म्होरं पुन्याला जाऊन आले ना ते? गावभर सांगत हुते, दुर्बीन घालून पोट बगितलं म्हनून.

महानंदा : ते मला विचार, अव्वा, मी सांगते. तुझ्या जावयाला ऑफिसातली भजी खाऊन करपट ढेकर यायचे. छातीत जळतंय म्हणायचे. इथल्या डॉक्टरांनी तपासलं, म्हणाले तरुण आहेस, घास नीट उतरतो, वजन वाढतंयच, तुला कसली नळी? रात्रीचं लवकर जेव, तंबाखू सोड, खाटेच्या उशाकडच्या पायांखाली विटा घाल, हे औषध महिना-दोन महिने घे. त्यानं थांबलं नाही तर बघू. ह्यांनी विटा घातल्या नाहीत की तंबाखू सोडली नाही. साहेबानं पुण्यात दुर्बीण करून घेतली होती ना, मग ह्यांना पण पाहिजे. आत्याबाईंनी लगेच सिद्धरामेश्वराला नवस बोलला. बाळाच्या छातीत आग पडलीय म्हणे!

शिवलिंगप्पा : पुण्याचा डॉक्टर चिडला होता त्याच्यावर. निरोगी अन्ननळी बघायला एवढ्या लांब आलात का म्हणाला. माझ्या वक्ताला मात्र चिडला न्हाय. हळूच म्हणाला, तुम्हाला आधी का न्हाय आणलं.

महानंदा : आणि काय म्हणाले?

शिवलिंगप्पा : म्हणाला, जळजळ निम्म्या जगाला होते, तिला नळी लागत न्हाय. पण तुम्ही म्हातारं माणूस, तीस वर्षांची जुनी जळजळ, त्यात घास अडकतोय, कापडं ढिली व्हायला लागली, मग एक दिवस थांबायचं नव्हतं. गाठ बारकी असताना दिसली असती तर काढून टाकली असती म्हणाला. मी विचारलं, आता? तर म्हणाला, मुंबईला दाखवा.

महानंदा : मुंबईला कधी जायचं?

शिवलिंगप्पा : उद्याच्या गाडीनं.

नागव्वा : आत्ता कळलं! उद्याच्याला मुंबई, म्हनून आज टांगा. दवाखान्यात उशाशी बसायला, भांडी धरायला, ओकाऱ्या पुसायला बाई पायजेल. चंद्रव्वाला झेपत न्हाय. मग आटवली सून! भाकरी न्हाय चालत, हात चालत्यात.

शिवलिंगप्पा : ईनबाई, घरात कुणाला ठाऊक न्हाय मी हितं आलोय. देवळात जातो सांगून निघालो.

महानंदा : का? घरच्यांना कळलं तर काय होईल?

शिवलिंगप्पा : काय न्हाय.

महानंदा : मामा, मला न्यायला आलात, आणि घरात सांगून आला नाहीत. आत्याबाई काय म्हणतायत माझ्याबद्दल?

शिवलिंगप्पा : जाऊ दे की ते. बायकांचं बोलणं.

महानंदा : मी बाईच आहे. मला सांगा.

शिवलिंगप्पा : ती म्हणते... ती म्हणते, भाकरीनंच झालं. तुझी कडक भाकरी खाऊन खाऊन आतनं नळी सोलली, जखम झाली आणि जखमेची गाठ झाली.

नागव्वा : काय?

शिवलिंगप्पा : आल्यागेल्याला सांगते. तिप्पण्णाला पटलंय. म्हणतो, त्या दिवशी तुकडा मोडताना माझ्या बोटाला टोचला होता.

नागव्वा : अगं माज्या देवा! आधी उपाशी मारती म्हनले, आता जीवच घेतला म्हनत्यात! रांडेच्या, जीभ झडंल की तुज्या बायकूची! अवो, आख्खं सोलापूर कडक भाकरी खातं. मग समद्यांच्या गळ्यात गाठी व्हायला पायजेत!

महानंदा : आणि तुमचा मुलगा? तो काय म्हणतो?

शिवलिंगप्पा : त्यानं डॉक्टरला विचारलं. डॉक्टर म्हणाला भाकरीनं न्हाय होत असलं काय. आत वर येणारं आंबट पाणी वर्षानुवर्षं नळी भाजतं, अस्तर बदलतं, त्यातनं होतं.

महानंदा : म्हणजे त्यांना ठाऊक आहे. मग घरात सांगितलं?

शिवलिंगप्पा : आईपुढं बोलत न्हाय तो.

महानंदा : कधी बोललेत ते! बायको गेली तरी नाही बोलले. आता बापाच्या खुनाचा आळ बायकोवर आला, तरी गप्पच. नोकरी मात्र सायबाची, टाय लावून.

शिवलिंगप्पा : म्हणून तर मी आलो, नंदा. मी माघारी आलो न्हाय तर तुझ्या बाजूनं बोलणारं कुणी उरणार न्हाय. तू घरी चल. मी जिता हाय तोवर तू घरात दिसलीस की लोकांचं तोंड बंद होईल.

महानंदा : बंद होईल? तुम्ही गेल्यावर लोक म्हणतील, बघा, मारून परत घरात घुसली.

नागव्वा : बरुबर बोलती माजी लेक. आन एक सांगा मला इवाई. मगापासनं माज्या डोस्क्यात काय तरी वळवळतंय, आत्ता ध्येनात आलं. माज्या भाच्याच्या, शिवयोगीच्या लग्नात पंगतीला मी हुग्गी वाढत हुते. तुमी भिंतीकडच्या वळीत बसला हुता, तिप्पण्णाच्या शेजारी. हाय ध्येनात?

शिवलिंगप्पा : हाय.

नागव्वा : तुमच्या पत्रावळीवर हुग्गी तशीच. मी म्हनलं, इवाई, काय राग हाय का आमच्यावर, घ्या की. तुमी एक घास घेतला आन तोंडावर उपरनं धरून उटला. मला वाटलं पोट बिघडलंय. हुग्गी म्हंजे काय असतं वो? गहू शिजून शिजून लगदा, त्यात गूळ, दूध. बाळंतिनीला देत्यात. दात नसल्याल्या बाळाला चाटवत्यात.

शिवलिंगप्पा : ईनबाई...

नागव्वा : थांबा! ते लगीन बैठकीच्या आधी झालं. आधी! गड्ड्याच्या आधी बैठक, आन लगीन त्याच्याबी आधी, मार्गशीर्षात. म्हंजे बैठकीत माज्या पोरीची भाकरी हातात घेतली तवा तुमाला ठावं हुतं. हुग्गी अडकती त्याला भाकरी कशी उतरंल?

महानंदा : मामा?

शिवलिंगप्पा : त्या पाण्याचा एक घोट दे.

महानंदा : देते. आधी सांगा. ठाऊक होतं?

शिवलिंगप्पा : ठाऊक म्हणजे... काय तरी हाय एवढं ठाऊक होतं. काय हाय ते न्हवतं ठाऊक.

महानंदा : पण भाकरी नाही, एवढं ठाऊक होतं.

शिवलिंगप्पा : व्हय.

नागव्वा : ऐक गं बाई, ऐक. व्हय म्हनत्यात.

महानंदा : मी पाच माणसांत मान खाली घालून बसले होते. तुमच्या तोंडाकडं बघत होते. मला वाटलं मामा म्हणतील, अरे, पोरीची काय चूक, मलाच काय तरी झालंय. एवढंच पाहिजे होतं. एक वाक्य. का नाही बोललात?

शिवलिंगप्पा : नळीच्या भीतीनं.

नागव्वा : कशाच्या?

शिवलिंगप्पा : नळीच्या, ईनबाई. हसा मला. मिलच्या साचाखात्यात पट्ट्यात हात सापडला तवा ओरडलो न्हाय मी. पण शिवशरण पुण्यास्नं आला आणि ताटावर बसून सांगायला लागला. अंगठ्याएवढी काळी रबरी नळी, अप्पा. दोघंजण हात धरून बसतात. तोंडात कड्यासारखं काय तरी घालतात. ओकारी येते, श्वास कोंडतो, डोळे बाहेर येतात. वैऱ्यावर पण येऊ नये म्हणाला.

महानंदा : मी वाढत होते तेव्हा. तुम्ही ताट सोडून उठून गेलात. मला वाटलं पुन्हा कावळा.

शिवलिंगप्पा : त्याच्याच आगंमागं माझा घास अडकायला लागला होता. जळजळ आपणहून गेली होती, तीस वर्षांची जळजळ, सोडा प्यायचा बंद झाला, मी खूश. म्हटलं सिद्धरामेश्वर पावला. आणि मग हे अडकणं. म्हटलं, हे सांगितलं की हे मला पुण्याला नेणार आणि नळी घालणार. तेवढ्यात चंद्रव्वा म्हणाली, भाकरीच कडक असती हिची. मी हूं म्हटलं. हूं म्हटलं की कुणी पुढं विचारायचं न्हाय. भाकरीचं नाव घेतलं की सगळ्यांना पटायचं. मला पण बरं वाटायचं. मधनं मधनं मलाच वाटायचं, असेल की भाकरीनं.

महानंदा : म्हणजे नळी चुकवायला तुम्ही मला आड घातलंत.

शिवलिंगप्पा : व्हय.

महानंदा : आणि तुमच्या मुलानं, त्याला काय झालं नसताना ती नळी उगाच करून घेतली आणि तिखटमीठ लावून सांगत बसला. सायबाची बरोबरी करायला. त्या फुशारकीनं तुम्ही भ्यालात, आणि घर माझं मोडलं.

शिवलिंगप्पा : नळी घालताना मला काय झालं ठाऊक हाय का तुला? काय न्हाय. घशात औषध फवारलं, एका कुशीवर झोपवलं, थोडी ओकारी आली, झालं. रात्रपाळीच्या डुलकीएवढा वेळ पण लागला न्हाय. शिवशरण नुसता फुगवून सांगत होता. तितं टेबलावर पडल्या पडल्या मला रडू यायला लागलं. नर्सबाई म्हणाल्या, बाबा, दुखतंय का? काय सांगणार त्यांना.

नागव्वा : रडून काय हुतंय आता? तुमचं गेलं ते गेलं. माज्या पोरीचं गेलं ते कोन देनार?

महानंदा : अव्वा, तो तवा उतरव. करपला.

नागव्वा : करपू दे.

महानंदा : मामा, मी त्या घरात येणार नाही. आज नाही, तुम्ही मुंबईहून आल्यावर नाही, कधीच नाही. तुम्हाला पाणी देईन, दूध देईन, माझ्या हातानं. पण त्या उंबऱ्यात पाय ठेवणार नाही. ज्या माणसाला डॉक्टरनं खरं सांगितलं आणि तरी आईपुढं तोंड उघडत नाही, त्याच्या ताटात मी भाकरी टाकायची नाही.

शिवलिंगप्पा : नको टाकू.

महानंदा : पण माझ्यावरचा आळ तुम्ही नेऊ नका मुंबईला. तो इथं ठेवून जा. चार लोकांत घातलात, चार लोकांतच काढा.

शिवलिंगप्पा : काढतो. माघारी आलो की बैठक बसवतो.

महानंदा : माघारी आलात तर.

नागव्वा : महानंदे!

महानंदा : का? त्यांनाच ठाऊक आहे, म्हणून तर टांगा करून आलेत. आज काढा, मामा. आत्ता. तिप्पण्णाकाकांचं दुकान वेशीतच आहे. बैठकीतले बाकीचे पण दुपारी तिथंच पत्ते कुटत बसलेले असतात.

शिवलिंगप्पा : बोलाव. पण तिप्पण्णाचा विश्वास बसणार न्हाय. म्हणेल, सुनेची माया आली म्हाताऱ्याला. आजारात डोकं फिरलंय. त्याच्या बोटाला टोचलंय ना.

नागव्वा : मग भाकरी दाखवू त्याला. ही घ्या, मगाशी तव्यावरनं काढल्याली. माज्या हातची, लोण्यावानी मऊ. खाऊन दाखवा, अडकती का बगू दे.

महानंदा : अडकली की म्हणतील, आईची पण लेकीसारखीच.

शिवलिंगप्पा : पोरगी बरोबर बोलते. भाकरी मध्ये आली की लोक भाकरीकडंच बघतात. भाकरी नकोच.

नागव्वा : मग काय दाखवायचं?

शिवलिंगप्पा : पाणी. नुसतं पाणी. आता बारीक घोट घेतो तेवढा कसाबसा जातो. तांब्या तोंडाला लावून गटागटा प्यायलो की सगळं नाकातोंडातनं माघारी येतं. काल चंद्रव्वापुढं आलं, ती पदर तोंडाला लावून आत गेली. तिप्पण्णापुढं पितो. त्या दिवशी त्यानं हातात तुकडा दिला होता, आज तांब्या त्याच्याच हातानं देऊ दे मला. मग त्याला विचारतो, पाणी कुणी कडक भाजलं होतं, तिप्पण्णा?

नागव्वा : इवाई, लोकांच्या म्होरं असं... तुमी मोटं मानूस. जॉबर हुता मिलमंदी, कामगारांवरचा मुकादम.

शिवलिंगप्पा : लोकांपुढं थुकलोच होतो की एकदा. तवा खोटं थुकलो. जावा, बोलवा त्याला. म्हणावं शिवलिंगप्पा आलाय, बैठक राहिली होती अर्धी.

नागव्वा : जाते. जाते मी. समद्यांना घिऊन येते, खानावळवाल्यालाबी आनते. महानंदे, सतरंजी घाल. आन त्यांच्या पाठीला ती उशी दे गं, भिंत टोचती त्यांना.

महानंदा : देते. तू जा.

शिवलिंगप्पा : नंदा.

महानंदा : काय?

शिवलिंगप्पा : तुझी भाकरी चांगली असायची. पहिल्या वर्षी, घास उतरत होता तवा, कधी म्हटलं न्हाय मी.

महानंदा : नाही म्हटलंत.

शिवलिंगप्पा : आता म्हटलं तर उपयोग न्हाय.

महानंदा : नाही. मला उपयोग नाही.

शिवलिंगप्पा : बरं. कोण बोलतंय बाहेर? आले वाटतं. तांब्या भर.

महानंदा : थांबा जरा.

शिवलिंगप्पा : आता कशाला थांबायचं?

महानंदा : कोमट करते. गार पाणी छातीत टोचतं तुम्हाला.